विलंबाने दाखल होणारी अपिले आणि नोकरीतील न्याय : शिक्षकांसाठी एक विवेचन

प्रस्तावना

न्यायालयाच्या कामकाजातील मराठी शब्द पाहिले तर त्यांतील निम्मेअधिक शब्द उर्दूच्या विद्यार्थ्याला परके वाटत नाहीत. अर्ज, दावा, हुकूम, नक्कल, तारीख, वकील, मंजूर, नामंजूर हे सर्व शब्द अरबी-फारसीतून दोन्ही भाषांत आले आहेत. मात्र काही शब्दांनी वाटेत अर्थ बदलला. उर्दूत 'मुद्दत' म्हणजे बराच मोठा काळ. मराठीत 'मुदत' म्हणजे ठरवून दिलेला, मोजका अवधी. कायद्याच्या उर्दूत या दुसऱ्या अर्थासाठी 'मीआद' हा शब्द वापरतात.

शासकीय व अनुदानित संस्थांतील नोकरीच्या वादांकडे पाहिले असता या दोन अर्थांतील अंतर स्पष्ट दिसते. कमी केलेल्या शिक्षकाला दाद मागण्यासाठी मोजके दिवस असतात. ते चुकले की त्याचे प्रकरण गुणवत्तेवर ऐकलेच जात नाही. उलटपक्षी शिक्षक जिंकला तर त्या निकालाविरुद्ध शासनाचे किंवा व्यवस्थापनाचे अपील कधी वर्षाने, कधी सहा वर्षांनी दाखल होते आणि सोबत विलंब माफ करण्याचा अर्ज असतो. कायद्याचे पुस्तक मात्र दोघांसाठी एकच आहे. ते काय सांगते, न्यायालयांनी त्याचा अर्थ कसा लावला आणि शिक्षकाने त्यातून काय घ्यावे, याचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे.

प्रश्न कोणाचा?

सुरत जिल्ह्याच्या पलसाणा तालुक्यातील कडोदरा हे राष्ट्रीय महामार्ग ४८ आणि सुरत-बारडोली रस्ता यांच्या चौकडीवर वसलेले औद्योगिक गाव आहे. सुरत आणि त्याच्या आसपासच्या या पट्ट्यात खानदेशातून आलेली मराठी कुटुंबे मोठ्या संख्येने आहेत. सुरत महानगरपालिकेच्या शाळांत गुजरातीबरोबर मराठी व उर्दू माध्यमाचेही वर्ग चालतात. अर्थात या भागात मराठी आणि उर्दू शिकविणारा शिक्षकवर्ग आहे आणि नोकरीविषयक वाद त्यालाही चुकलेले नाहीत.

अशा शिक्षकासाठी उच्च न्यायालय म्हणजे अहमदाबाद. गुजरात उच्च न्यायालयाचे सुरतेत खंडपीठ नाही. अडीचशे किलोमीटरहून अधिक अंतर, एका फेरीला बुडणारा एक दिवस, वकिलाची फी आणि शाळेतून घ्यावी लागणारी रजा, हे सर्व प्रत्येक तारखेला मोजावे लागते. केंद्र शासनाचा कर्मचारी केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे जातो. राज्य शासनाच्या निर्णयांविरुद्धचे बरेच सेवाविषयक वाद राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात जातात. सीमेपलीकडे महाराष्ट्रात राज्य कर्मचाऱ्यांसाठी १९९१ पासून महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण आहे आणि खाजगी शाळांतील कर्मचाऱ्यांसाठी १९७७ च्या कायद्याखालील शाळा न्यायाधिकरणे आहेत. मंच वेगवेगळे असले तरी मुदतीचा प्रश्न सगळीकडे सारखाच आहे.

मुदत असावीच कशाला?

हक्क खरा असेल तर तो केव्हाही मागता यावा, असे सहज मनात येते. पण काळ लोटला की साक्षीदार निवृत्त होतात, कागद गहाळ होतात आणि दुसऱ्या पक्षाने त्या परिस्थितीवर आपले व्यवहार उभे केलेले असतात. म्हणून वादाला कोठेतरी शेवट असावा, हे सर्व न्यायपरंपरांनी मान्य केले आहे.

इस्लामी न्यायपरंपराही याला अपवाद नाही. हजरत उमर (रजि.) यांनी हजरत अबू मूसा अशअरी (रजि.) यांना लिहिलेले म्हणून जे न्यायदानविषयक पत्र परंपरेने सांगितले जाते, त्यात पुरावा आणू इच्छिणाऱ्याला मुदत नेमून द्यावी आणि त्या मुदतीत तो न आणल्यास निकाल द्यावा, असा आशय आहे. पुढे १८६९ ते १८७६ या काळात उस्मानी साम्राज्यात 'मजल्ला' ही दिवाणी संहिता तयार झाली. तिने सर्वसाधारण दाव्यांसाठी १५ वर्षांची मर्यादा घातली. परंतु काळ लोटल्याने मूळ हक्क नष्ट होत नाही, हेही त्याच संहितेत सांगितले. म्हणजे काझीचा दरवाजा बंद होतो. देणेकऱ्याच्या अंगावरचे देणे मात्र फिटत नाही.

भारताच्या १९६३ च्या मुदत कायद्याचेही सर्वसाधारण तत्त्व हेच आहे : मुदत संपल्याने दाद मागण्याचा मार्ग बंद होतो, हक्काबद्दल त्यात निर्णय नसतो. मुदतबाह्य म्हणून फेटाळलेल्या शिक्षकाला 'तू चुकीचा होतास' असे कोणी म्हटलेले नसते. न्यायालय फक्त 'आता ऐकता येत नाही' एवढेच म्हणते. हे समजल्यावर मुदत पाळण्याचे महत्त्व अधिकच कळते.

दिवस कसे मोजावेत?

शिक्षकाने लक्षात ठेवावयाच्या प्रमुख मुदती अशा :

१) महाराष्ट्रातील खाजगी शाळेतून बडतर्फी, सेवासमाप्ती किंवा पदावनती झाल्यास, आदेश मिळाल्यापासून ३० दिवसांत शाळा न्यायाधिकरणाकडे अपील (१९७७ चा कायदा, कलम ९). पुरेसे कारण दाखविल्यास न्यायाधिकरण त्यानंतरही अपील घेऊ शकते.

२) १९८५ च्या प्रशासकीय न्यायाधिकरण कायद्याखाली, अंतिम आदेशापासून एक वर्ष. नियमानुसार केलेल्या खात्यांतर्गत अपिलाला किंवा अर्जाला उत्तरच न आल्यास सहा महिने वाट पाहून त्यापुढे एक वर्ष (कलम २१).

३) उच्च न्यायालयाच्या एकसदस्य पीठाच्या निकालाविरुद्ध त्याच न्यायालयाच्या खंडपीठापुढे, म्हणजे लेटर्स पेटंट अपिलासाठी, ३० दिवस.

४) उच्च न्यायालयाच्या निकालाविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात विशेष अनुमती याचिकेसाठी सर्वसाधारणपणे ९० दिवस.

अनुच्छेद २२६ खालील रिट याचिकेला अशी ठराविक मुदत नाही. पण म्हणून कितीही उशीर चालतो असे नव्हे. अवाजवी विलंब झाला असेल तर उच्च न्यायालय याचिका ऐकण्यास नकार देऊ शकते. बढतीच्या एका प्रकरणात (पी. एस. सदाशिवस्वामी विरुद्ध तमिळनाडू राज्य) सर्वोच्च न्यायालयाने १९७४ मध्येच सांगितले होते की, कनिष्ठाला आपल्यावर चढविले असे ज्याला वाटते त्याने सहा महिन्यांत, फार तर वर्षभरात न्यायालयात यावे.

मोजण्याची रीत उदाहरणाने स्पष्ट होईल. समजा, कडोदऱ्यात राहणाऱ्या एका शिक्षिकेच्या बाजूने एकसदस्य पीठाने ३ जूनला निकाल दिला. निकालाचा दिवस धरावयाचा नाही. म्हणून ४ जून हा पहिला दिवस आणि ३ जुलै हा तिसावा. विरुद्ध पक्षाने ८ जूनला नक्कल मागितली आणि ती २० जूनला तयार झाली, तर हे १३ दिवस वजा होतात (कलम १२). मुदत १६ जुलैपर्यंत जाते. मात्र नक्कल मागण्यातच जो वेळ घालवला, तो वजा होत नाही. शेवटच्या दिवशी न्यायालय बंद असेल तर ते उघडेल त्या दिवशी दाखल करता येते (कलम ४). १७ जुलैपासून पुढचा प्रत्येक दिवस हा विलंब आहे आणि त्याचा खुलासा कलम ५ खाली 'पुरेसे कारण' दाखवून करावा लागतो.

जुन्या प्रकरणांत आणखी एक गोष्ट तपासावी. कोविड साथीमुळे सर्वोच्च न्यायालयाने १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा काळ मुदतीतून वगळला होता. त्या काळात संपणारी मुदत असेल तर हिशेब वेगळा होतो.

विनंतीअर्ज म्हणजे दाद नव्हे

शिक्षकांच्या हातून होणारी सर्वांत मोठी चूक येथे सांगणे आवश्यक आहे. अन्याय झाल्यावर आपण प्रथम साहेबांना अर्ज देतो. उत्तर येत नाही. मग स्मरणपत्र देतो. नंतर शिक्षणाधिकाऱ्यांना, मग मंत्र्यांना. प्रत्येक अर्जाची पोहोच फाइलमध्ये नीट लावलेली असते आणि चार-पाच वर्षांनी वकिलापुढे ती जाड फाइल ठेवून आपण म्हणतो, 'मी तर सतत पाठपुरावा करीत होतो.'

कायद्याच्या दृष्टीने हा पाठपुरावा नव्हे. १९८९ मध्ये एस. एस. राठोड विरुद्ध मध्य प्रदेश राज्य या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या सात न्यायमूर्तींच्या पीठाने स्पष्ट केले की, सेवा नियमांत तरतूद असलेल्या अपिलाचा किंवा अर्जाचा निकाल लागेपर्यंतचा काळ विचारात घेतला जाईल; पण नियमांत तरतूद नसलेल्या, पुन्हा पुन्हा दिलेल्या विनंतीअर्जांनी मुदत वाढत नाही. २००८ मध्ये सी. जेकब यांच्या प्रकरणात हेच पुढे नेले गेले. १९८२ मध्ये नोकरी गेलेल्या या कर्मचाऱ्याने २००० मध्ये अर्ज दिला होता. 'अर्जाचा विचार करा' असा आदेश मिळवून आणि त्यावर खात्याचे नकाराचे उत्तर घेऊन मेलेला वाद जिवंत होत नाही, असे न्यायालयाने सांगितले.

याला एक महत्त्वाचा अपवाद आहे. चुकीची वेतननिश्चिती किंवा अडवलेले निवृत्तिवेतन यांसारखा अन्याय दर महिन्याला नव्याने होत असतो. १९९५ मध्ये एम. आर. गुप्ता यांच्या प्रकरणात न्यायालयाने हे तत्त्व वेतननिश्चितीला लावले. २००८ मध्ये तरसेम सिंग या माजी सैनिकाच्या प्रकरणात, १९८३ मध्ये सेवेतून बाहेर पडून १९९९ मध्ये न्यायालयात आल्यावरही अपंगत्व निवृत्तिवेतनाचा हक्क मान्य झाला. परंतु थकबाकी मात्र याचिकेपूर्वीच्या जवळपास तीन वर्षांपुरतीच मिळाली. उशिराने हक्क वाचला तरी पैसा वाचत नाही, हा याचा धडा. आणि ज्येष्ठता किंवा बढती यांत इतरांचे हक्क गुंतलेले असतात; तेथे हा अपवादही सहसा उपयोगी पडत नाही.

शासन उशिरा येते तेव्हा

आता नाण्याची दुसरी बाजू. शासनाचे अपील उशिरा का येते, याचे कारण गूढ नाही. निकालाची नक्कल कार्यालयात येते, तेथून संचालनालयात, मग सचिवालयातील विभागात, तेथून विधी विभागाच्या अभिप्रायासाठी, पैशाचा प्रश्न असल्यास वित्त विभागाकडे, मग सरकारी वकिलाकडे. प्रत्येक टेबलावर फाइल थांबते. एखाद्या अधिकाऱ्याची बदली झाली की ती आणखी थांबते. अनेकदा तर शिक्षकाने अवमान याचिका केली आणि नोटीस पोहोचली की मगच अपिलाची आठवण होते.

न्यायालयांनी दीर्घकाळ याकडे सहानुभूतीने पाहिले. १९८७ मध्ये अनंतनागच्या भूसंपादन प्रकरणात (कलेक्टर विरुद्ध कातिजी) अवघ्या चार दिवसांचा विलंब माफ करताना सर्वोच्च न्यायालयाने उदार दृष्टिकोनाचा पुरस्कार केला. विलंब करून पक्षकाराला सहसा फायदा होत नसतो, हा त्यामागील विचार होता. १९९८ मध्ये एन. बालकृष्णन यांच्या प्रकरणात ८८३ दिवसांचा विलंबही माफ झाला. किती दिवस यापेक्षा खुलासा किती स्वीकारार्ह, हे पाहावे असे तेथे सांगितले गेले. ही उदार भूमिका शिक्षकांनाही उपयोगी पडलेली आहे, हे विसरता कामा नये.

पण उदारतेची सवय झाली. चार दिवसांसाठी दिलेला आधार हजार दिवसांसाठी वापरला जाऊ लागला. २०१२ मध्ये पोस्टमास्टर जनरल विरुद्ध लिव्हिंग मीडिया या प्रकरणात ४२७ दिवसांचा विलंब माफ करण्यास नकार देताना सर्वोच्च न्यायालयाने बजावले की, मुदतीचा कायदा शासनासह सर्वांना बांधतो आणि फाइल फिरत होती एवढेच सांगणे हा खुलासा होत नाही. २०२० मध्ये मध्य प्रदेश राज्य विरुद्ध भेरूलाल या प्रकरणात ६६३ दिवस उशिरा आलेल्या शासनाला २५ हजार रुपये खर्च बसला. अशा याचिका केवळ 'सर्वोच्च न्यायालयाने फेटाळली' असा दाखला मिळवून फाइल बंद करण्यासाठी येतात, अशी परखड टीकाही न्यायालयाने केली. सप्टेंबर २०२५ मध्ये शिवम्मा विरुद्ध कर्नाटक गृहनिर्माण मंडळ या जमिनीच्या प्रकरणात ३९६६ दिवसांचा, म्हणजे जवळपास अकरा वर्षांचा, उच्च न्यायालयाने माफ केलेला विलंब सर्वोच्च न्यायालयाने रद्दबातल ठरविला.

तरीही एक नियम पक्का झाला असे समजू नये. २०२३ मध्ये शिवराज सिंग विरुद्ध भारत सरकार या प्रकरणात ४७९ दिवसांचा विलंब माफ करण्याचा निर्णय कायम राहिला. तेथे न्यायालयाने 'खुलासा' आणि 'सबब' यांत फरक केला. खुलासा म्हणजे काय घडले याची प्रामाणिक हकिकत. सबब म्हणजे जबाबदारी टाळण्यासाठी पुढे केलेले कारण. कोणत्या बाजूला काटा झुकेल हे बहुतांशी या फरकावर ठरते.

एका शाळेचा खटला

शिक्षकांच्या दृष्टीने सर्वांत बोधप्रद निकाल पश्चिम बंगालमधील एका शाळेचा आहे. रघुनाथपूर नफर अकादमी या शाळेतील एका शिक्षिकेच्या नेमणुकीच्या मान्यतेचा वाद कलकत्ता उच्च न्यायालयात होता. एकसदस्य पीठाच्या आदेशाविरुद्ध शाळेच्या व्यवस्थापन समितीने तब्बल २४४९ दिवसांनी, म्हणजे साडेसहा वर्षांहून अधिक काळाने, अपील केले. खंडपीठाने हा विलंब माफ केला. शिक्षिका सर्वोच्च न्यायालयात गेली आणि १३ सप्टेंबर २०१३ रोजी, ईशा भट्टाचार्जी विरुद्ध व्यवस्थापन समिती या निकालाने, ती माफी रद्द झाली.

या निकालात न्यायालयाने पूर्वीची सर्व तत्त्वे एकत्र मांडली. त्यांचा सारांश असा : दृष्टिकोन उदार व न्यायाभिमुख असावा, परंतु थोड्या दिवसांचा विलंब आणि अवाजवी विलंब यांना एकच मोजमाप लावू नये. पक्षकाराचे वर्तन आणि सद्भाव पाहावा. विलंब माफीचा अर्ज काळजीपूर्वक लिहिलेला असावा. कारण रचलेले असेल तर विरुद्ध पक्षाला अशा वादात ओढू नये. सार्वजनिक संस्थांना काही सवलत असू शकते, पण उशीर ही किरकोळ बाब समजण्याची वाढती प्रवृत्ती रोखली पाहिजे.

या प्रकरणात उशिरा येणारा पक्ष शासन नव्हता, शाळेची समिती होती. आपल्यासारख्या शैक्षणिक संस्थांनी हे विशेष लक्षात घ्यावे. शिक्षकाविरुद्ध अपील करावयाचे असेल तर कार्यकारिणीच्या पुढच्या बैठकीची वाट पाहत बसता येत नाही. आणि करावयाचे नसेल तर निकाल वेळेत अमलात आणणे हेच शोभादायक आहे.

जिंकलेल्या शिक्षकाने काय करावे?

निकाल बाजूने लागला की बहुतेक शिक्षक पेढे वाटतात आणि आदेशाची वाट पाहत बसतात. येथेच दुसरी चूक होते. पुढील गोष्टी त्वरित कराव्यात :

१) निकालाची प्रमाणित नक्कल काढून ती पत्रासह कार्यालयाला द्यावी आणि पोहोच घ्यावी. पुढे 'निकाल माहीतच नव्हता' असे म्हणण्यास जागा राहत नाही. दिलेली प्रत्येक तारीख विरुद्ध पक्षाच्या विलंबाचा पुरावा ठरते.

२) कॅव्हेट दाखल करावे (दिवाणी प्रक्रिया संहिता, कलम १४८-क). म्हणजे आपल्याला न ऐकता स्थगिती मिळण्याचा धोका कमी होतो. कॅव्हेट ९० दिवसच टिकते. नंतर नव्याने करावे लागते.

३) नुसते अपील दाखल झाल्याने निकाल थांबत नाही. स्थगिती वेगळी मिळवावी लागते. 'प्रकरण वर गेले आहे' असे तोंडी उत्तर मिळाल्यास स्थगितीची प्रत लेखी मागावी.

४) आदेश न पाळल्यास अवमान याचिकेचीही मुदत आहे. १९७१ च्या कायद्याच्या कलम २० नुसार अवमान घडल्यापासून एक वर्ष. शासन आज ना उद्या देईल या आशेवर हे वर्ष निघून गेल्यास हातातील एक प्रभावी साधन जाते.

५) विलंब माफीच्या अर्जाला लेखी हरकत घ्यावी. उर्दूत 'हरकत' म्हणजे हालचाल, मराठीत आक्षेप. येथे दोन्ही लागतात. अर्जात सांगितलेल्या टप्प्यांच्या तारखा मागाव्यात : नक्कल केव्हा मागितली, अभिप्राय केव्हा आला, निर्णय केव्हा झाला, त्यानंतर दाखल करण्यास किती दिवस लागले. मोघम अर्ज अशा कोष्टकापुढे टिकणे कठीण जाते. विलंबाच्या काळात आपले काय नुकसान झाले, किती वेतन अडले, निवृत्ती किती जवळ आली, हेही लिहावे.

६) विलंब माफ झालाच तर खर्चाची मागणी करावी आणि थकीत रकमेपैकी काही भाग न्यायालयात भरण्याची अट घालण्याची विनंती करावी.

समारोप

शासनाला विलंब सोसतो, कारण त्या काळात शासनाचे काही अडत नाही. शिक्षकाला तो सोसत नाही. त्याच्यासाठी विलंब म्हणजे थकलेले भाडे, मुलीची फी, कडोदऱ्याहून अहमदाबादची आणखी एक फेरी आणि कधी कधी निकाल हातात असताना आलेली निवृत्ती. म्हणून मुदतीचा कायदा दोघांना सारखा लागू करणे ही केवळ तांत्रिक बाब नाही. गेल्या दशकभरातील निकाल त्या दिशेने गेले आहेत, ही समाधानाची गोष्ट होय.

परंतु ज्याने स्वतः मुदत पाळली, त्यालाच दुसऱ्याच्या विलंबावर बोट ठेवता येते. प्रत्येक महाविद्यालयाच्या शिक्षकवृंदाने एक साधी नोंदवही ठेवली तरी पुष्कळ काम होईल : आदेश कोणत्या तारखेला हाती आला, मुदत कोणत्या तारखेला संपते, नक्कल केव्हा मागितली, कॅव्हेट केव्हा संपते. तरुण सहकाऱ्याच्या हाती सेवासमाप्तीचे पत्र आले की सांत्वनाबरोबरच त्या पाकिटावरची तारीख पाहण्यास त्याला सांगावे. त्याच्या हक्काचे दिवस त्या तारखेपासून सुरू झालेले असतात.